एकीला वाचवायला दुसरीला जाऊ द्यायचं? ख्रिस्ती नीतिविचार आणि बऱ्या-वाईटाचा तराजू

विदुला_के

ऑगस्ट २००० मध्ये मँचेस्टरच्या सेंट मेरीज रुग्णालयात सयामी जुळ्या मुली जन्मल्या. आईवडील माल्टाच्या गोझो बेटावरचे, श्रद्धाळू कॅथलिक. कोर्टाने मुलींची ओळख झाकून त्यांना 'जोडी' आणि 'मेरी' अशी नावं दिली. ओटीपोटाच्या भागात त्या एकमेकींना जोडलेल्या होत्या. मेरीचं स्वतःचं हृदय आणि फुप्फुसं तिला जगवण्याच्या लायकीची नव्हती. बहिणीच्या हृदयाने ढकललेलं रक्त सामायिक महारोहिणीतून तिच्यापर्यंत पोचायचं, त्यावर ती जगत होती. डॉक्टरांचा अंदाज असा की काहीच केलं नाही तर तीन ते सहा महिन्यांत बहिणीचं हृदय थकेल आणि दोघीही जातील. वेगळं केलं तर एक बहुतेक चांगली जगेल, मेरी मात्र टेबलावरच जाईल.

आईवडील नको म्हणाले. एकीने जगावं म्हणून दुसरीने मरावं, ही देवाची इच्छा असू शकत नाही असं त्यांचं म्हणणं. रुग्णालय कोर्टात गेलं. २२ सप्टेंबर २००० ला अपील कोर्टाने परवानगी दिली, नोव्हेंबरात सुमारे वीस तास शस्त्रक्रिया चालली, मेरी गेली, बहीण वाचली. वेस्टमिन्स्टरचे आर्चबिशप कॉर्मक मर्फी-ओ'कॉनर यांनी कोर्टाला लेखी निवेदन दिलं होतं, शस्त्रक्रियेच्या विरोधात.

सध्या सुट्टीत हे निकालपत्र वाचतेय आणि डोक्यात गुंता झालाय. चर्चची भूमिका समजते: चांगलं व्हावं म्हणून वाईट करायचं नाही. संत पौलाच्या रोमकरांस पत्रातल्या तिसऱ्या अध्यायापासूनची ती भूमिका आहे. पण त्याच परंपरेत 'दुहेरी परिणाम' नावाचं तत्त्व आहे आणि त्यात 'प्रमाणात कारण हवं' अशी अट आहे. म्हणजे तराजू वापरायचा नाही असंही म्हणायचं आणि शेवटी तराजू काढायचाच? जाणकारांनी समजावून सांगावं. धर्मावर चिखलफेक नको, प्लीज.

बाळू_पैलवान

दोनशे प्रतिसादांची बेगमी. चहा टाकतो.

वसईकर

विदुलाताई, प्रश्न नेमका आहे. मी पाद्री नाही, पण तरुणपणी काही वर्षं सेमिनरीत काढली आहेत, त्या भांडवलावर लिहितो.

मूळ जागा कॅथलिक धर्मपंडित थॉमस अक्वायनस, तेरावं शतक. प्रश्न साधा: अंगावर धावून आलेल्या माणसाला स्वसंरक्षणात मारलं तर पाप का? तो म्हणतो, एका कृतीचे दोन परिणाम असू शकतात, एक हेतूतला आणि एक हेतूबाहेरचा. मला माझा जीव वाचवायचा आहे. हल्लेखोर मेला तर ते हेतूबाहेर. पण लगेच पुढची ओळ अशी की गरजेपेक्षा जास्त जोर लावलात तर तुम्ही दोषी. ढकलून भागत असेल तर सुरा काढायचा नाही.

पुढे एकोणिसाव्या शतकात पाठ्यपुस्तकवाल्यांनी याच्या चार अटी केल्या. कृती मुळात वाईट नको. हेतू चांगल्या परिणामाचाच हवा. वाईट परिणाम हे चांगल्याचं साधन असता कामा नये. आणि शेवटी, वाईट सोसण्याइतकं वजनदार कारण हवं. लोक घाईने चौथ्या अटीवर जातात. ती शेवटी आहे ती उगाच नाही. पहिल्या तिनांत नापास झालात तर चौथी कुणी विचारतच नाही. समोर एक जीव असो की हजार, निरपराध माणसाला मुद्दाम मारणं पहिल्याच दाराशी अडतं, वजन करायची वेळच येत नाही.

खडूस

सुंदर. म्हणजे सर्जनने मेरीचा रक्तपुरवठा तोडायचा, पाच-दहा मिनिटांत ती जाणार हे त्याला पक्कं ठाऊक, आणि नंतर म्हणायचं 'माझा तसा हेतू नव्हता बुवा'. मी गच्चीवरून कुंडी खाली टाकतो, हेतू फक्त गच्ची मोकळी करण्याचा.

गुलबकावली

@खडूस, तुमच्या सोसायटीचं नाव सांगा, त्या रस्त्याने जाणार नाही :)

वकीलबुवा

निकालपत्र पूर्वी अभ्यासासाठी वाचलं आहे. गंमत अशी की तिन्ही न्यायमूर्तींचा निष्कर्ष एक आणि वाटा तीन. वॉर्ड यांनी स्वसंरक्षणासारखा युक्तिवाद केला: इच्छा नसताना का होईना, मेरी बहिणीचं आयुष्य शोषून घेत होती, म्हणून बहिणीच्या वतीने डॉक्टर मध्ये पडू शकतात. ब्रुक यांनी 'अपरिहार्य गरज' हा बचाव धरला. वॉकर यांनी हेतूचा विचार केला आणि मेरीचा मृत्यू हे शस्त्रक्रियेचं उद्दिष्ट नाही असं म्हटलं. म्हणजे तुमचं दुहेरी परिणामाचं तत्त्व कोर्टात आलंच होतं, फक्त आर्चबिशपांच्या विरुद्ध बाजूने!

ब्रुक यांच्या वाटेत १८८४ चा एक खटला आडवा येत होता. 'मिन्योनेट' हे जहाज बुडाल्यावर होडीत उपाशी तरंगणाऱ्या खलाशांनी आजारी पडलेल्या पोराला मारून खाल्लं. कोर्टाने तेव्हा बजावलं की गरज हा खुनाला बचाव नाही. फाशी सुनावली, मग ती सहा महिन्यांच्या कैदेवर आली. ब्रुक यांनी फरक दाखवला तो असा: होडीत कुणी मरायचं ते खलाशांनी ठरवलं, इथे मेरीचं भवितव्य निसर्गानेच ठरवून टाकलं होतं.

आता आपल्याकडचं. भारतीय दंड संहितेचं कलम ८१ आणि त्याखालचं उदाहरण जरूर वाचा. आगबोटीचा कप्तान, त्याची काही चूक नसताना, अशा जागी सापडतो की थांबायच्या आत वीस-तीस माणसांची होडी चिरडणार. दिशा बदलली तर दोनच माणसं असलेल्या दुसऱ्या होडीला धोका, पण ती कदाचित निसटेलही. कप्तानाने दिशा बदलली तर गुन्हा नाही, मात्र दुसरी होडी बुडवण्याचा हेतू नको. फिलिपा फूट या तत्त्ववेत्तीने १९६७ मध्ये सुसाट ट्रामचं कोडं घातलं (पाच जणांवर जाणारी ट्राम एकाच्या अंगावर वळवावी का?) आणि जगभर गाजलं. आमच्या संहितेत ते १८६० पासून आगबोटीवर बसलंय.

खडूस

'कदाचित निसटेल'. बघा, कायदा लिहिणाऱ्यालाही पळवाट ठेवावी लागली. मेरी निसटण्याची शक्यता शून्य होती.

वकीलबुवा

म्हणूनच कलम ८१ ने मेरीचा प्रश्न सुटत नाही. उदाहरण धोक्याचं आहे, खात्रीचं नाही. तेवढं तुमचं बरोबर.

डॉ_सुनीता

मी वेदनाशामक उपचारांत काम करते. या तत्त्वाचं नेहमीचं उदाहरण आमच्या खात्यातलं: कॅन्सरच्या शेवटच्या टप्प्यात मॉर्फिन दिलं, वेदना थांबल्या, पण आयुष्य थोडं कमी झालं तर? १९५७ मध्ये पोप बारावे पायस यांनी भूलतज्ज्ञांपुढे बोलताना सांगितलं की वेदना थांबवणं हाच हेतू असेल, दुसरा उपाय नसेल, तर आयुष्य थोडं कमी होण्याची शक्यता असली तरी चालेल.

पण खरं सांगू? हे उदाहरण आता जरा शिळं झालंय. नीट वाढवत नेलेल्या डोसाने माणूस मरत नाही. गोळी दर चार तासांनी, रात्री झोपताना दुप्पट म्हणजे मध्यरात्री उठवायला नको, आणि सोबत जुलाबाचं औषध न विसरता. ते विसरलं तर तिसऱ्या दिवशी घरचे फोन करतात, 'मॅडम, दुखणं गेलं पण पोट गच्च'. लोकांना मात्र वाटतं मॉर्फिन म्हणजे शेवटची सुई. परवा एक बाई औषधाची पिशवी छातीशी धरून दारातच उभ्या. "मी माझ्या हाताने दिलं आणि रात्रीत ते गेले, तर मीच मारलं असं होईल ना?" त्यांना मी अक्वायनस सांगितला नाही. वहीत वेळापत्रक काढून दिलं, पहिली गोळी माझ्यासमोर द्यायला लावली आणि अर्धा तास बसवून ठेवलं. पण त्यांचा प्रश्न आणि या धाग्याचा प्रश्न एकच आहे, आणि त्या विचारत होत्या ते परिणामाबद्दल नव्हतं. परिणाम त्यांना माहीत होता, नवरा जाणारच होता. 'माझ्या हातून काय घडलं' हे त्यांना हवं होतं.

@खडूस, म्हणून हेतू म्हणजे शब्दांचा खेळ हे मला पटत नाही. दुखणं थांबेल इतकं देणारा डॉक्टर आणि श्वास थांबेल इतकं देणारा डॉक्टर यांचे डोस वेगळे असतात. कागदावर दिसतं.

गुलबकावली

डॉक्टर, _/\_

मिरजकर

अवांतर. हेतूच्या कसरतीत आपण कुणाला हार जाणार नाही. 'नरो वा कुंजरो वा' विसरलात का? धर्मराज शब्दशः खोटं बोलला नाही, रथ मात्र चार बोटं खाली आला. म्हणजे व्यासांनी वसईकरांची पहिली अट लावली म्हणायची.

वसईकर

मिरजकर, ख्रिस्ती परंपरेत याची स्वतंत्र शाखाच आहे. सोळाव्या-सतराव्या शतकात इंग्लंडमध्ये कॅथलिक पाद्री लपून राहत, पकडले तर फाशी. शिपायाने विचारलं 'घरात पाद्री आहे का?' तर काय सांगायचं? जेझुइट या कॅथलिक संघाच्या पाद्र्यांनी उपाय काढला: 'नाही' म्हणायचं आणि उरलेलं वाक्य मनात पूर्ण करायचं, 'तुला सांगण्यासारखा नाही'. इंग्लंडचा राजा आणि पार्लमेंट उडवायच्या तोफदारूच्या कटानंतर १६०६ मध्ये फासावर गेलेल्या जेझुइट हेन्री गार्नेटवर याच द्व्यर्थी बोलण्याचा ठपका होता. पुढे फ्रेंच विचारवंत पास्कालने जेझुइटांची यथेच्छ टर उडवली आणि १६७९ मध्ये पोप अकरावे इनोसंट यांनी निव्वळ मनातल्या मनात वाक्य पुरं करण्याचा प्रकार निषिद्ध ठरवला.

आणि आपल्याशी धागा जुळतो तो असा की क्रिस्तपुराण लिहिणारे फादर स्टीफन्स याच काळातले इंग्रज जेझुइट. १५७९ मध्ये गोव्याला आले म्हणून 'तैसी भासांमाजि साजिरी मराठिया' आपल्याला मिळालं. मायदेशी राहिले असते तर बहुधा कुणाच्या तरी भिंतीतल्या कपारीत दिवस काढावे लागले असते.

मिरजकर

वा! मग माझ्याकडून कौशिक घ्या. कर्णपर्वात कृष्ण अर्जुनाला सांगतो: कौशिक नावाचा तपस्वी, सत्य बोलायचं व्रत. चोरांनी विचारलं, माणसं कुठे पळाली? याने खरं सांगितलं, माणसं मेली, कौशिक नरकात. सोबत बलाक व्याधाची गोष्ट, त्याने आंधळं श्वापद मारलं आणि तो स्वर्गात, कारण ते श्वापद सर्व प्राण्यांच्या मुळावर उठलेलं. इथे सरळ परिणामाचा हिशोब आहे. तुमच्या लोकांचं यावर काय?

वसईकर

चौथ्या-पाचव्या शतकातला संत ऑगस्टिन याच्या अगदी उलट टोकाला. त्याने खोटं बोलण्यावर लिहिताना थगास्तेच्या फर्मस नावाच्या बिशपची गोष्ट दिली आहे. त्याने एकाला लपवलं होतं. बादशहाचे लोक आले. तो म्हणाला, मी खोटं बोलणार नाही आणि सांगणारही नाही. छळ सोसला, तोंड उघडलं नाही. शेवटी बादशहानेच प्रभावित होऊन लपलेल्याला माफ केलं. कौशिकाला दोनच रस्ते दिसले. फर्मसने तिसरा काढला आणि त्याची किंमत स्वतःच्या पाठीवर घेतली.

खडूस

फर्मस गोष्ट म्हणून छान. शेवटी बादशहा विरघळला नसता तर?

नगरवाला

मी नगरचा, मिशनच्या कंपाउंडमध्ये वाढलेला प्रोटेस्टंट. इथे 'ख्रिस्ती नीती म्हणजे कॅथलिक नीती' असं गृहीत धरलंय, म्हणून बोलतो.

कॅथलिक विचार ज्यावर उभा आहे त्या 'नैसर्गिक कायद्या'बद्दलच आमच्याकडे शंका आहे. माणसाची बुद्धी पापाने मळलेली, ती निसर्गाकडे बघून बरं-वाईट ओळखील कशी? १९३४ मध्ये एमिल ब्रुनर या प्रोटेस्टंट धर्मपंडिताने निसर्गातून थोडं तरी कळतं असं म्हटलं, तर कार्ल बार्टने उत्तराच्या पुस्तिकेचं नावच 'नाही!' ठेवलं. वर्ष बघा. जर्मनीत तेव्हा वंश आणि रक्त हीच 'निसर्गाची आज्ञा' म्हणून चर्चमध्ये शिरत होती.

आणि जर्मनीतला बॉनहॉफर. पाळक माणूस, शांततावादाकडे कल, आणि हिटलरला मारू पाहणाऱ्या कटाच्या वर्तुळात सामील. ९ एप्रिल १९४५ ला फ्लोसेनबुर्गच्या छावणीत फाशी. त्याने स्वतःला निर्दोष ठरवणारी चार अटींची यादी केली नाही. कधी कधी जबाबदार माणसाला दोष पत्करूनच कृती करावी लागते आणि क्षमा देवावर सोपवावी लागते, असा त्याचा विचार. हात स्वच्छ ठेवणं हेच ध्येय झालं तर शेजाऱ्याचं काय?

खडूस

+१०० नगरवाला. हे मला समजतं. 'मी वाईट केलं, करावं लागलं' असं म्हणणारा माणूस 'मी केलंच नाही, ते हेतूबाहेर झालं' म्हणणाऱ्यापेक्षा मला जवळचा.

वसईकर

जवळचा मलाही. पण धोका बघा: 'दोष पत्करतो' हे म्हणायला सत्ताधाऱ्यांना फार सोपं जातं. १९५६ मध्ये ऑक्सफर्डने अमेरिकेचे माजी अध्यक्ष ट्रूमन यांना मानद पदवी द्यायचं ठरवलं तेव्हा एलिझाबेथ अ‍ॅन्सकम ही कॅथलिक तत्त्ववेत्ती विरोधात उभी राहिली. मुद्दा एवढाच: आपलं उद्दिष्ट साधायला निरपराधांना मारायचं ठरवणं म्हणजे खून, हिरोशिमा-नागासाकी त्यातच बसतं, मग युद्ध किती लवकर संपलं याचा हिशोब कितीही मोठा मांडा. तराजूवाले त्या दिवशी ट्रूमनच्या बाजूने होते. पदवी दिली गेलीच.

शिकागोहून_सई

धागा पूर्ण वाचला. एक अमेरिकन केस राहिली. २००९, फिनिक्समधलं सेंट जोसेफ हे कॅथलिक रुग्णालय. चार मुलांची आई, पाचव्या वेळी अकरा आठवड्यांची गरोदर, फुप्फुसांतल्या रक्तदाबाचा भयंकर त्रास. गर्भ राहिला तर दोघंही जाणार असं डॉक्टरांचं मत. रुग्णालयाच्या नीती समितीने गर्भपाताला संमती दिली, समितीत सिस्टर मार्गारेट मॅकब्राइड होत्या. बाई वाचली. बिशप ओल्मस्टेड यांनी सिस्टर चर्चबाहेर गेल्या असं जाहीर केलं आणि २०१० च्या डिसेंबरात रुग्णालयाचा कॅथलिक दर्जाच काढून घेतला.

म्हणजे वसईकरांच्या हिशोबाने तिसरी अट मोडली. पण गर्भ गर्भाशयाऐवजी बीजवाहक नळीत राहिला असता तर? तेव्हा नळी कापून काढायला बहुतेक कॅथलिक पंडित हो म्हणतात, कारण दुखावलेला अवयव काढला, गर्भाचं जाणं हा दुष्परिणाम. तोच गर्भ औषधाने थांबवला तर त्यांच्यात मतभेद. नळी गमावलेल्या बाईला कुणी समजावावं की तिच्यावर जास्त नीतिमान उपचार झाले?

विदुला_के

सई, हेच मलाही खुपतंय. गॉलवेत २०१२ साली गेलेली सविता हलप्पनवार आपल्या बेळगावची. गर्भ टिकणार नाही हे ठरलेलं होतं, पण ठोके चालू होते म्हणून डॉक्टर गर्भपात करायचे थांबले. आयर्लंडने २०१८ मध्ये सार्वमताने गर्भपातबंदी उठवणारी घटनादुरुस्ती केली तेव्हा तिचा फोटो पोस्टरवर होता.

डॉ_सुनीता

तिथे जंतुसंसर्ग वेळेत ओळखला गेला नाही हेही चौकशीत आलं होतं. तत्त्व आणि ढिसाळपणा दोन्ही एकत्र आले की कशाने माणूस गेलं ते वेगळं काढता येत नाही. आणि जंतुसंसर्गावर उपचार म्हणून लवकर प्रसूती करायला कॅथलिक नियमही आडवे येत नाहीत, हे माझ्या मिशन रुग्णालयातल्या सहकारी सिस्टरांनीच मला सांगितलंय.

वसईकर

सई, तुमचा प्रश्न टाळत नाही. १९६५ मध्ये पीटर क्नाउअर या जेझुइटाने नेमकं हेच धरलं: कृती 'मुळात वाईट' आहे की नाही हे प्रमाणात कारण आहे का यावरच ठरतं. म्हणजे चौथी अट पहिल्या जागी. मग रिचर्ड मॅकॉर्मिक वगैरे बरेच पंडित त्या वाटेने गेले. १९९३ मध्ये जॉन पॉल दुसरे यांनी पत्रक काढून ती वाट बंद केली: काही कृती कुठल्याही कारणाने चालणार नाहीत.

यातला सर्वांत धारदार मुद्दा मात्र पोपचा नाही, जॉन फिनिस या कायदेपंडिताचा आहे. तो म्हणतो, जीव, ज्ञान, मैत्री ही भलाई एका मापात बसतच नाही. मेरीचं आयुष्य अमुक किलो आणि बहिणीचं तमुक किलो असं सांगणारा तराजू मुळात अस्तित्वात नाही. असल्यासारखं दाखवणारा माणूस निकाल आधी ठरवून मग आकडे बसवतो.

नळीच्या बाबतीत मला स्वतःला पंडितांचं उत्तर पटत नाही. फिनिक्सच्या बाबतीत बिशपचंही नाही, कारण तिथे आईला मरू देऊन वाचवण्यासारखं दुसरं कुणी नव्हतंच. सेमिनरीत असताना हे बोललो असतो तर फादर रेक्टरांनी रात्रीचं जेवण झाल्यावर 'जरा फिरायला येतोस का' म्हटलं असतं.

बाळू_पैलवान

चहा तिसऱ्यांदा गरम केला. मला एवढंच कळलं की होडीत बसायचं नाही.

नगरवाला

आणि ट्रामपासून लांब राहायचं.

विदुला_के

निवेदन परत नीट वाचलं. आर्चबिशपांनी वजन केलेलंच नाही. दोन मरण्यापेक्षा एक बरी, हे त्यांनी खोडलेलंही नाही. त्यांचा आक्षेप असा: शस्त्रक्रिया मेरीच्या शरीरावर होणार आहे आणि त्यात मेरीचा काडीचा फायदा नाही; तिचं शरीर तिचं आहे. शिवाय जीव वाचवायचं कर्तव्य असलं तरी त्यासाठी वाट्टेल ते उपाय करायलाच हवेत असं नाही, आणि आईवडिलांच्या अधिकाराला मान द्या.

यावर वॉकर यांचं उत्तर होतं की वेगळं होणं, स्वतःचं अखंड शरीर मिळणं, हे मेरीच्याही हिताचं. हे मला सर्वांत कच्चं वाटलं. मिनिटभराच्या अखंड शरीरासाठी मरण, हे हित कसलं? त्यापेक्षा ब्रुक यांनी सरळ 'गरज' म्हटलं ते बरं. आणि महारोहिणीवर चिमटा लावणं ही मेरीवर केलेली कृती की बहिणीच्या हृदयावरचा भार काढण्याची, यावर कॅथलिक विचारवंतांतही एकमत नव्हतं.

वसईकर, चौथ्या अटीचं तुमचं उत्तर पटलं. अक्वायनसने 'प्रमाण' म्हटलं ते जोर आणि गरज यांचं, मुडद्यांच्या मोजणीचं नाही. पण पहिल्या अटीवर मी अजून अडकले आहे. सर्जन नक्की काय करत होता हे कोण ठरवणार?

खडूस

तेच मी कुंडीपासून विचारतोय.

वकीलबुवा

एक राहिलं. आईवडिलांनी निकालाविरुद्ध हाउस ऑफ लॉर्ड्सकडे (तेव्हाचं सर्वोच्च कोर्ट) अपील केलं नाही. आणि कलम ८१ आता भारतीय न्याय संहितेत कलम १९ झालंय. कप्तान आणि दोन्ही होड्या तशाच आहेत.